मिरियमची बाजू

आज सुट्टी होती, दिवसभर अमेरिकन स्त्रीवादी लेखिका केट मिलेट यांचं ‘सेक्शुअल पॉलिटिक्स’ घेऊन बसले; साहित्यातली पुरुषसत्ता उलगडणारं समीक्षेचं पुस्तक. १९७० सालचं पुस्तक, मुळात कोलंबिया विद्यापीठातला पीएच.डी.चा प्रबंध. अमेरिकन कादंबरीकार हेन्री मिलरवर त्या तुटून पडतातच, पण मला धरून ठेवलं ते इंग्रज कादंबरीकार डी. एच. लॉरेन्सवरच्या प्रकरणाने.

लॉरेन्सच्या ‘सन्स अँड लव्हर्स’ कादंबरीतला (१९१३) तो प्रसंग आठवतोय? नायक पॉल शेतावरच्या मिरियमला, त्याच्यावर जीव असलेल्या मुलीला, बीजगणित शिकवतोय. तिला शिकायचंय, अगदी मनापासून. भावांची उस्तवार करण्यात जन्म घालवायचा नाहीये. ती अडखळते, याचं डोकं फिरतं आणि हातातली पेन्सिल तो तिच्या तोंडावर फेकून मारतो. मग पश्चात्ताप. मग पुन्हा शिकवणी, पुन्हा संताप.

कादंबरी बरीचशी पॉलच्या नजरेने चालते, म्हणून मिरियम आपल्याला गुदमरवणारी वाटत राहते. मिलेट यांचा प्रश्न सरळ आहे: आई, मिरियम आणि नंतरची प्रेयसी क्लारा या तिघींकडून पॉलला काय काय मिळतं आणि त्यांच्या हाती काय उरतं? एवढं विचारलं की पानापानावर वेगळंच दिसायला लागतं. आणि तरीही या कादंबरीचं मोठेपण त्या नाकारत नाहीत. समीक्षकाकडून मला हेच हवं असतं!

मिलेटना उत्तर म्हणून अमेरिकन लेखक नॉर्मन मेलर यांनी १९७१ मध्ये अख्खं पुस्तक लिहिलं, त्यात लॉरेन्सची जोरदार पाठराखण आहे. आता तेही वाचायला काढतेय. तोवर तुम्ही सांगा, तुम्हाला मिरियम कशी वाटली होती?