लाकडावर प्रिंट उतरवताना खरं काम कागद घासण्याचं

प्रिंट काढलेलं डिझाईन लाकडावर उतरवायचं म्हटलं की सगळे आधी गोंद कुठला घेऊ विचारतात, पण त्याच्याही आधी बघायचं ते प्रिंट कुठल्या प्रिंटरची आहे. लेझरचा टोनर म्हणजे प्लास्टिकची बारीक पावडर, ती गरम होऊन कागदावर वितळून बसते त्यामुळे पाण्याला दाद देत नाही. इंकजेटची शाई बहुतेक वेळा पाण्याने पसरते, त्यामुळे ह्या पद्धतीला लेझर प्रिंटच घ्या, साध्या पातळ कागदावर, आणि डिझाईन आधी मिरर करून, नाहीतर अक्षरं उलटी येणार.

लाकूड फिक्या रंगाचं घ्या, पाईन किंवा बर्च प्लाय मस्त. प्रिंटर पांढरा रंग छापत नाही, कागद जिथे कोरा तिथे लाकूडच दिसणार, म्हणून गडद लाकडावर फोटो मेल्यासारखा दिसतो. आधी १२० आणि मग २२० नंबरचा सँडपेपर मारून धूळ नीट पुसायची.

आता ॲक्रिलिक जेल मीडियमचा (चित्रकलेतलं दाट, वाळल्यावर पारदर्शक होणारं जेल, इथे गोंदाचं काम तेच करतं) एकसारखा हात लाकडावर द्यायचा, प्रिंट पालथी टाकायची आणि जुन्या प्लास्टिक कार्डाने मधून कडेला हवा काढत जायचं. जेल जास्त झालं तर कागद सरकतो, कमी पडलं तर तिथे चट्टा राहतो. मग रात्रभर हात लावायचा नाही.

दुसऱ्या दिवशी ओल्या स्पंजने कागद चिंब करा, दोन-चार मिनिटं मुरू द्या आणि बोटाने हलकेच गोल गोल घासायला लागा, अंगाचा मळ निघावा तशा कागदाच्या वळ्या सुटतात आणि खालून एकेक रेघ वर येते, मला सगळ्यात जास्त आवडतो तो हाच क्षण! नखं आणि घासणी अजिबात नको, कडांना तर फारच जपून. ओलं असताना सगळं स्वच्छ दिसतं पण वाळलं की पांढरट साय आल्यासारखी दिसते, कारण ओले तंतू पारदर्शक होतात, ते अजून तिथेच असतात. परत ओलं करा, परत घासा. शेवटी अगदी पुसटशी साय राहिली तर राहू दे, वार्निशने ती जवळपास दिसेनाशी होते.

कोरीवकाम किंवा पायरोग्राफीसाठी (तापलेल्या टोकाने लाकूड जाळून चित्र काढणं) नुसत्या रेषा हव्या असतील तर एवढा खटाटोप कशाला, प्रिंट पालथी ठेवून वरून बिनवाफेची गरम इस्त्री दाबून फिरवा, टोनर पुन्हा मऊ होऊन लाकडाला चिकटतो, फिका येतो पण गिरवायला पुरतो. ॲसिटोननेही (नेलपॉलिश काढायला वापरतात ते द्रावक) उतरतं, मात्र खिडक्या उघड्या हव्यात आणि जवळपास ज्योत नकोच, ते पटकन पेट घेतं. छोट्या डिझाईनपलीकडे मी ते सुचवणार नाही.

वार्निश पाण्यावर आधारित घ्या, थिनरवालं ब्रशने लावलं तर टोनर विरघळून फरफटू शकतो. पातळ दोन-तीन हात, मध्ये पूर्ण वाळू द्यायचं.