एक फोटो पुढे

काल दुपारी जेवून आडवी झाले, झोप काही येईना म्हणून फोनवर एक जुना सिनेमा लावला. हॉलिस फ्रॅम्प्टन नावाच्या अमेरिकन माणसाचा, १९७१ चा, 'नॉस्टॅल्जिया' (हे नाव तो चक्क कंसात लिहितो, प्रयोगशील लोकांचं असंच असतं). सिनेमा म्हणजे काय, तर हॉटप्लेटवर एक ब्लॅक अँड व्हाइट फोटो ठेवलाय, तो तापतो, त्यावर कॉइलची वळणं उमटतात, मग काळा पडून आक्रसतो, राख. की पुढचा फोटो. तो फोटोग्राफर होता तेव्हाचे. असं ३६ मिनिटं.

खरी गंमत वेगळीच आहे. मागून एक आवाज फोटोबद्दल सांगत असतो, हा अमुक मित्र, तमुक वर्षी काढला, आणि समोर बघावं तर त्यातलं काहीच नाही. जरा वेळाने ट्यूब पेटते की तो पुढच्या फोटोचं सांगतोय. म्हणजे ऐकलेलं लक्षात ठेवून पुढचा फोटो बघायचा, तोवर त्याच्याही पुढचं वर्णन सुरू, आणि समोरचा जळतोय. नुसती तारांबळ.

आमची आत्या अगदी हेच करायची, फक्त हॉटप्लेट नव्हती. काळ्या पानांचा अल्बम, फोटोंना चिकटवलेले कोपरे, मधे तो करकरणारा बटर पेपर. पान उलटायच्या आधीच हिचं सुरू, "ही बघ नाशिकची मामी, हिच्या लग्नात जिलब्या कमी पडल्या," आणि समोर मुंज झालेला कुणीतरी टकलू पोरगा रडवेला उभा. माझ्या डोक्यात त्या जिलब्या अजून त्याच पोराला चिकटलेल्या आहेत. परातीत बसवलेलं एक उघडं बाळ आहे, ते मी की दादा यावर अजून घरात निकाल नाही. फोटोमागे नाव-तारीख असती तर मिटलं असतं, पण मला ते लिहिणं आवडतच नाही, अर्धा तास रंगणारं भांडण एका ओळीत संपतं, मग अल्बम काढायचाच कशाला?

बरं, सिनेमातला तो 'मी मी' म्हणणारा आवाजही फ्रॅम्प्टनचा नाही, मायकेल स्नो या त्याच्या मित्राचा. एका फोटोवरून या स्नोचीच माफी मागावीशी वाटते असं येतं, आणि वाचतोय कोण तर स्नो!

शेवटी तो एका फोटोबद्दल सांगतो, त्यातलं कुठलं तरी प्रतिबिंब मोठं करून पाहिलं आणि इतका घाबरला की आता परत फोटो काढायची हिंमत होणार नाही म्हणतो. आणि सिनेमा संपतो. तो फोटो दाखवतच नाही.

आई शेजारी मेथी निवडत होती. जित्याजागत्या माणसांचे फोटो असे जाळतात का, म्हणाली. मी आठवण, ओळख वगैरे बरंच सांगत बसले, तिने सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "निगेटिव्ह आहेत ना पण त्याच्याकडे?"

आता १९८४ मधे गेलेल्या माणसाच्या निगेटिव्हचं मी काय सांगू.