सापापुढचा नैवेद्य कोण खातं?

ग्रीक धर्मातल्या सापाबद्दल काहीही वाचायला घ्या, पहिल्याच परिच्छेदात हमखास भेटणारं वाक्य म्हणजे साप कात टाकतो, म्हणून तो नवजीवनाचं प्रतीक. हे खोटं नाही. ग्रीकमध्ये ‘गेरास’ हा शब्द म्हातारपणालाही आहे आणि सापाच्या कातीलाही. इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या कॉर्नूटसने वैद्यकीचा देव अस्क्लेपिओस याच्या सापाचा अर्थ असाच लावला आहे: दुखण्यातून उठलेला माणूस म्हातारपण झटकून सापासारखा ताजातवाना होतो. पण कॉर्नूटस पडला तत्त्वज्ञ, आणि त्याच्या काळापर्यंत अस्क्लेपिओसचं एपिदाउरोस इथलं देवस्थान पाचशेहून जास्त वर्षं जुनं झालेलं होतं. तिथे जाणाऱ्या सामान्य माणसाच्या डोक्यात कातीचं रूपक असायचं की नाही कोण जाणे, हातात मात्र मध घालून केलेली वडी असायची. ती वडी कुणापुढे ठेवायची, कशी ठेवायची आणि पुढे तिचं काय व्हायचं, या वाटेने गेलं की साप जास्त नीट समजतो.

आधी साप कुठला ते. फणा काढलेला नाग डोळ्यांपुढून काढून टाका, ग्रीसमध्ये फणेवाले साप नाहीत. विषारी तिथे घोणशीच्या कुळातले, त्यांना ‘एखिद्ना’ म्हणत. कुठल्याही सापाला साधा शब्द ‘ओफिस’. मोठा, दबदबा असलेला, काहीतरी राखत बसलेला साप म्हणजे ‘द्राकोन’, आणि हा शब्द रोखून पाहणे या अर्थाच्या धातूपासून आलाय असं मानतात. सापाला पापण्या नसतात, त्यामुळे राखणदार म्हणून त्याची निवड चुकीची म्हणता येणार नाही. देवळातला तो ‘पारेइआस’, बिनविषारी आणि अंगावर न येणारा. आज दक्षिण युरोपात चार पट्ट्यांचा एक मोठा बिनविषारी साप आणि अस्क्लेपिओसचंच नाव मिळालेला दुसरा, असे दोन त्या वर्णनाच्या जवळ जातात. दोघांचं खाणं उंदीर, पक्षी, अंडी.

म्हणजे मधाची वडी यांतला एकही साप खात नाही. सापाचे दात मागे वळलेले असतात, त्याला तुकडा तोडता येत नाही. भक्ष्य अख्खं गिळायचं, आणि तेही बहुधा जिवंत हलणारं. आता इतिहासकार हेरोडोटस वाचा. अथेन्सच्या अक्रोपोलिसवर देवळात एक मोठा साप राहतो, तो गडाचा राखणदार, त्याला दर महिन्याला मधाची वडी ठेवतात, असं अथेन्सचे लोक सांगत. एरवी वडी संपायची. इ.स.पू. ४८० मध्ये पर्शियन सैन्य चालून आलं तेव्हा ती तशीच राहिली. पुजारणीने हे जाहीर केलं, आणि देवीच गड सोडून गेली म्हटल्यावर लोक शहर सोडायला जास्त तयार झाले.

अथेन्सचा पुढारी थेमिस्टोक्लीज याला नेमकं हेच हवं होतं, त्याला लढाई समुद्रावर करायची होती. प्लुटार्कने तर सरळ लिहिलंय की पुजाऱ्यांनी लोकांना सांगितलेल्या गोष्टीमागे तोच होता. मला त्याहून इतर महिन्यांचा प्रश्न पडतो. सापाने वडी खाल्ली नाही यात नवल काहीच नाही. त्याआधी इतकी वर्षं ती कोण खात होतं? माझा अंदाज असा की वडी उंदीर खायचे आणि उंदीर साप खायचा, आणि मग ‘नैवेद्य सापाला पोचला’ हे काही अगदीच खोटं ठरत नाही.

दुसरं उत्तर विनोदी नाटककार आरिस्टोफेनीसने इ.स.पू. ३८८ च्या ‘प्लूटोस’ नाटकात देऊन ठेवलंय. धनाचा आंधळा देव प्लूटोस याला डोळे यावेत म्हणून अस्क्लेपिओसच्या देवळात रात्री झोपायला नेतात. तिथली रीत नाटकात क्रमाने येते. आधी समुद्रात अंघोळ. मग वेदीवर वड्या आणि इतर नैवेद्य. मग अंथरूण. सेवेकरी दिवे मालवतो आणि बजावतो, काही आवाज आला तरी गप्प पडून राहायचं. कारिओन नावाच्या गुलामाला झोप येत नाही, कारण शेजारच्या म्हातारीच्या उशाशी लापशीचं भांडं आहे. मान वर करून बघतो तर पुजारी पवित्र मेजावरच्या वड्या आणि सुके अंजीर उचलतोय, मग प्रत्येक वेदीला फेरी मारून उरलंसुरलं पोत्यात ‘अर्पण’ करतोय. मग हा तरी कशाला मागे राहतो? म्हातारी चाहूल लागून हात पुढे करते तेव्हा हा पारेइआस सापासारखा फुत्कारतो आणि तिचा हात दातांत धरतो. ती घाबरून हात आत घेते, लापशी याच्या पोटात. त्यानंतर खरा देव येतो, चुचकारल्यासारखा आवाज काढतो, आणि गाभाऱ्यातून दोन भले मोठे साप धावत येतात. प्लूटोसचं डोकं लाल कापडाखाली झाकलेलं असतं, साप आत शिरून पापण्या चाटतात, आणि दहा कोटिले, म्हणजे अडीच लिटरच्या वर, दारू पिऊन होईतो त्याला दिसायलाही लागतं.

म्हातारीला अंधारात खरा साप आणि फुत्कारणारा गुलाम यांतला फरक कळत नाही, यावर विनोद उभा आहे. प्रेक्षक हसले असतील, आणि त्यांच्यातलेच कित्येक आजारी पडल्यावर त्याच देवळात झोपायला गेले असतील. दोन्ही एकाच डोक्यात मावत होतं.

एपिदाउरोसला बऱ्या झालेल्यांच्या हकिगती दगडी फलकांवर कोरून लावल्या होत्या. प्रवासी लेखक पाउसानियसने इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात पाहिले तेव्हा सहा फलक उरले होते, आपल्यापर्यंत सत्तरेक हकिगती पोचल्या आहेत. त्यांतली एक सावकाश वाचण्यासारखी आहे. एका माणसाच्या पायाच्या बोटाला चिघळलेली जखम होती. सेवेकऱ्यांनी त्याला दिवसा बाहेर आणून आसनावर बसवलं, तिथेच त्याला डुलकी लागली. झोपायच्या दालनातून, म्हणजे आबातोनमधून, एक साप आला, त्याने जिभेने बोट बरं केलं आणि परत गेला. माणूस बरा होऊन जागा झाला आणि म्हणाला, एक देखणा तरुण स्वप्नात आला, त्याने बोटावर औषध घातलं. बघणाऱ्यांना साप दिसला, झोपलेल्याला तरुण. साप देवाचं वाहन होता की खूण की दूत, असा वाद घालणाऱ्यांनी ही हकीगत आधी वाचावी. कोरणाऱ्याला तरी यात दोन वेगळी पात्रं दिसत नव्हती.

घरातला साप वेगळा. इथे देव झ्यूस, पण वीज फेकणारा नव्हे. झ्यूस क्टेसिओस म्हणजे कोठाराचा, मिळकतीचा झ्यूस. त्याला मूर्ती लागत नाही, एक लहान घडा लागतो. त्याची कृती आथेनाइओसच्या ग्रंथात उताऱ्याच्या रूपाने टिकली आहे: झाकणाचा, दोन कानांचा नवा घडा घ्यायचा, कानांना पांढरी लोकर गुंडाळायची, आत शुद्ध पाणी, ऑलिव्हचं तेल आणि सगळ्या प्रकारची फळं-धान्यं घालायची. या मिश्रणाला नाव काय, तर ‘अंब्रोसिया’. देवांचं अमृत म्हणून आपण जे ऐकतो ते इथे कोठीतल्या घड्यात आहे. थेस्पिआइला मिळालेल्या एका शिळेवर याच झ्यूसचं नाव आहे आणि खाली फक्त एक साप. धान्याच्या कोठीत साप असणं म्हणजे उंदीर नसणं. ज्याने हा देव सापाच्या रूपात पाहिला त्याची कोठीची माहिती पक्की होती. ही पूजा इतकी घरातली की किरोन नावाचा एक अथेन्सवासी तिला गुलामांनाच काय, बाहेरच्या स्वतंत्र माणसांनाही येऊ देत नसे. वारसाच्या खटल्यात भाषणं लिहून देणाऱ्या इसाइओसने नातेसंबंधाचा पुरावा म्हणून हेच मांडलं.

झ्यूस मेइलिखिओस, म्हणजे शांत केलेला झ्यूस, हाही साप. अथेन्सचं बंदर पिरेइअस इथल्या इ.स.पू. चौथ्या शतकातल्या शिळांवर वेटोळं घातलेला दाढीवाला साप माणसांच्या डोक्यांच्या वर उठलेला दिसतो. याला डुक्कर अख्खंच्या अख्खं जाळायचं, माणसांच्या ताटात काही येत नाही. हे विसरलं तर काय होतं ते सैनिक-लेखक झेनोफोनने स्वतःबद्दल लिहून ठेवलंय. इ.स.पू. ३९९ मध्ये मोहिमेवरून परतताना तो इतका कफल्लक झाला की घोडा ५० दारिकांना, म्हणजे पर्शियन सोन्याच्या नाण्यांना, विकावा लागला. ज्योतिषी एउक्लेइदेस म्हणाला, मेइलिखिओस आडवा येतोय, घरी करायचास तसा बळी दिलास का? घर सोडल्यापासून दिला नव्हता. दुसऱ्या दिवशी ओफ्रिनिओनला डुकरं जाळली, त्याच दिवशी सैन्यासाठी पैसे घेऊन माणसं आली, आणि त्यांनी घोडाही सोडवून आणून दिला.

घरात आगंतुक साप निघाला तर? थिओफ्रास्टसने स्वभावचित्रांत रंगवलेल्या अंधश्रद्धाळू माणसाकडे दोन वेगळे उपाय आहेत. पारेइआस दिसला तर सबाझिओस देवाचा धावा करायचा. ‘पवित्र’ जातीचा दिसला तर तिथल्या तिथे वीरपुरुषाचं देऊळ बांधायचं. थिओफ्रास्टस टिंगल करतोय, पण तर्क जुनाच आहे. मेलेला वीर सापाच्या रूपात जमिनीतून वर येतो. स्पार्टाजवळच्या ख्रिसाफाला मिळालेल्या आणि आता बर्लिनमध्ये असलेल्या इ.स.पू. सहाव्या शतकातल्या शिळेवर आसनावर एक जोडपं बसलंय, आसनामागे दाढीवाला साप, आणि समोर इवलेसे भक्त कोंबडा, अंडं, फूल, डाळिंब घेऊन. अंडं खरोखर सापाचं खाणं आहे. इथे कुणीतरी नैवेद्य जमवताना जनावराचाही विचार केला असावा असं वाटतं.

सर्वांत कठीण भेट लेबाडेइआच्या ट्रोफोनिओसची, म्हणजे जमिनीखालून कौल देणाऱ्या वीराची, आणि पाउसानियस स्वतः खाली उतरलेला असल्याने मापं नेमकी मिळतात. काही दिवस गरम पाण्याविना राहायचं, हेर्किना नदीत अंघोळ करायची, शेवटच्या रात्री खड्ड्यावर मेंढा कापायचा. मग विसरण्याचं पाणी, मग आठवण्याचं. खड्डा भट्टीच्या आकाराचा, सुमारे चार हात रुंद आणि फार तर आठ हात खोल, शिडीने उतरायचा. तळाशी भिंतीलगत एक भोक, दोन वीत रुंद आणि एक वीत उंच. पाठीवर झोपायचं, हातांत मध घालून मळलेल्या जवाच्या वड्या धरायच्या आणि पाय आत घालायचे. गुडघे आत गेले की नदीच्या भोवऱ्याने ओढावं तसं उरलेलं अंग आत जातं. वड्या आतल्या सापांसाठी, असं इतर लेखक सांगतात. हात वड्यांनी भरलेले असले की भिंत धरता येत नाही, ही गोष्ट व्यवस्था बसवणाऱ्याच्या लक्षात आली नसेल असं मला वाटत नाही. देमेत्रिओसचा एक अंगरक्षक विधी न करता, सोनं-चांदी शोधायला उतरला. त्याचं प्रेत भलत्याच ठिकाणी बाहेर पडलं म्हणतात.

कथांमधले मारले जाणारे साप इथे मुद्दाम टाळले. एक मात्र बघा: मारणाऱ्याला सहसा किंमत मोजावी लागते. अपोलोला डेल्फीच्या सापानंतर शुद्धी करून घ्यावी लागली. युद्धदेव आरेसचा साप मारल्याबद्दल काद्मोसला त्याची चाकरी करावी लागली आणि शेवटी तो स्वतःच साप झाला. आणि दोन साप गुंडाळलेली काठी हर्मिसची, निरोप्याची. वैद्यकीची काठी एका सापाची, अस्क्लेपिओसची. अमेरिकी लष्कराच्या वैद्यकीय विभागाने १९०२ मध्ये हर्मिसची उचलली आणि घोळ पसरला.

वडीचं पुढे काय झालं ते कळायला कोस बेटावर जावं लागतं. इ.स.पू. तिसऱ्या शतकातल्या हेरोदासच्या संवादात अस्क्लेपिओसच्या देवळात आलेली बाई सांगते, सापाच्या बिळात ‘पेलानोस’ टाक. पेलानोस म्हणजे मूळचा पिठाचा नैवेद्य, पण पुढे देवळात भरायच्या पैशालाही हाच शब्द रुळला होता. त्यामुळे ते बीळ खऱ्या सापाचं की सापाच्या तोंडाची दानपेटी, हे वाक्यावरून ठरत नाही.

त्याच्याही पुढे, इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात, काळ्या समुद्राच्या किनाऱ्यावर आबोनोतेइखोसला अलेक्झांडर नावाच्या माणसाने ग्लिकॉन नावाचा सापदेव उभा केला. उपहासकार लुशियनने त्याची सगळी यंत्रणा फोडली आहे, आणि तो शत्रू आहे हे धरूनही तपशील पटण्यासारखे आहेत. मॅसिडोनियातल्या पेल्लाहून माणसाळलेला मोठा साप स्वस्तात घेतला. हंसाचं अंडं रिकामं करून त्यात सापाचं पिल्लू घातलं, मेण आणि सफेद्याने सांधलं आणि नव्या देवळाच्या पायाच्या चिखलात पुरून चारचौघांत ‘सापडवलं’. काही दिवसांनी अंधाऱ्या खोलीत मोठा साप गळ्यात घालून बसला. सापाचं खरं डोकं काखेत दाबलेलं, बाहेर रंगवलेलं कापडी डोकं, माणसाच्या चेहऱ्याचं. तोंड आणि दुभंगलेली जीभ घोड्याच्या केसांनी हलायची. बोलायचं असेल तेव्हा क्रौंच पक्ष्यांच्या श्वासनळ्या जोडून केलेली नळी, आणि पलीकडे बोलणारा माणूस. हा साप मधाच्या वडीवर भागणारा नव्हता. दर प्रश्नाला एक द्राख्मा दोन ओबोल, आणि लुशियनच्या म्हणण्याप्रमाणे एकेक जण दहा-पंधरा प्रश्न घेऊन यायचा.