ते ठोके शोभेचे नाहीत

प्रदर्शनात तांब्याची भांडी मांडली की दिवसातून चारदा तरी कुणी विचारतं, "हे गोल गोल ठोके डिझाइन म्हणून मारता का?" तुम्हीही विचारलंत म्हणून सांगतो. नाही.

तांबं मुळात मऊ. भट्टीत लाल करून काढलेला पत्रा हाताने वाकतो. तसाच हंडा केला तर पहिल्या धक्क्यालाच पोचा पडायचा. ठोकत गेलं की तांबं ताठ होतं, आणि फार ताठ झालं की चिरतं. म्हणून घडवताना ते मधूनमधून तापवायचं. शेवटचं मठारणं, म्हणजे हातोडीने ओळीने ठोके मारणं, मात्र थंड भांड्यावर. त्यानंतर भट्टी दाखवली तर सगळी मेहनत पाण्यात.

मठारताना भांडं लोखंडी दांड्यावर अडकवून डाव्या हाताने फिरवायचं, उजव्या हाताने हातोडी. प्रत्येक ठोका शेजारच्याला जरासा चाटून गेला पाहिजे. एक ओळ संपली की तिच्याखालची. यात डोळ्यांपेक्षा कान जास्त लागतात. भांडं खाली नीट टेकलं नसेल तर आवाज भद्द येतो. वडील आत जेवत असले तरी तिथूनच ओरडायचे, "चुकला!" आता त्यांचा डावा कान गेलाय, तरी चूक उजव्या कानाला कळतेच.

आम्ही त्वष्टा कासार. त्वष्टा म्हणजे इंद्राचं वज्र घडवणारा, आणि कुलदेवी कालिका. (कासार म्हटलं की लोक बांगड्या मागतात, ते वेगळे.) पेशवाईत आमची माणसं कोकणातून पुण्यात आली, कसब्यात तांबट आळी वसली. तोफा, नाणी, मग हंडे, घंगाळी, बंब. गीझर आला आणि बंब गेला, त्यावर काय बोलायचं.

हल्ली यंत्रावर दाबून ठोके उठवलेली भांडीही मिळतात. ओळखायचं असेल तर आत हात फिरवा. यंत्राच्या भांड्यात प्रत्येक ठोक्यामागे फुगवटा लागतो, आणि सगळे ठोके एकाच मापाचे. आमच्यात आतली बाजू बरीच गुळगुळीत, कारण खाली लोखंड असतं. आणि बाहेर दोन ठोके कधी सारखे नसतात.

परवा एका बाईंनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "मग बिनठोक्यांचा हंडा स्वस्तात द्याल का?" म्हटलं, देईन की, पण भरलेला उचलताना काठाला धरू नका.