दोन चंद्रांचं पंचांग: बुडीत महिना ठरला एकदाचा

मागच्या वेळी म्हणालो होतो की आता महिन्यांची नावं पाडायला घेतो, पण ते राहिलंच, कारण गेले तीन आठवडे एका महिन्यानेच खाल्ले, आणि तो महिना म्हणजे जो येतच नाही तो.

नवीन कुणी वाचत असेल तर आधी आकडे सांगतो. मी मनाने एक जग रचतोय आणि त्याचं पंचांग बनवतोय. या माझ्या जगात वर्ष ३७४.२ दिवसांचं. चंद्र दोन, थोरली आणि धाकली (माझ्या किनाऱ्यावरची माणसं चंद्राला बाई मानतात). थोरलीची अमावास्या ते अमावास्या ३१.४ दिवस, धाकलीची ८.७ दिवस. महिना थोरलीवर चालतो.

पहिल्या आवृत्तीत मी सरळ बारा महिने धरले होते. १२ गुणिले ३१.४ म्हणजे ३७६.८, वर्षापेक्षा २.६ दिवस जास्त, आणि मला वाटलं एवढं चालतंय. मग हिशोबाची शीट (स्प्रेडशीट) साठ वर्षं पुढे ओढली तर होड्या पाण्यात लोटायचा सण १५६ दिवस पुढे सरकून ऐन वादळाच्या दिवसांत जाऊन बसलेला! आपल्याकडे नारळी पौर्णिमा अशी सरकत नाही कारण अधिक महिना तिला धरून ठेवतो. आपले बारा चांद्रमास ३५४.३७ दिवसांचे, वर्षाला जवळपास ११ दिवस कमी पडतात, म्हणून साधारण ३२-३३ महिन्यांनी एक महिना वाढवावा लागतो, आणि १९ वर्षांत २३५ महिने धरले की हिशोब दोन तासांच्या फरकाने जुळतो. हे लहानपणापासून कालनिर्णय बघत आलेल्या माणसाला तोंडपाठ असतं तसं मलाही होतं, त्यामुळे मी डोळे झाकून माझ्या जगातही अधिक महिना घालायला बसलो आणि दोन दिवस उत्तरं उलटी का येतायत तेच कळेना. माझ्याकडे दिवस कमी पडतच नाहीयेत, जास्त होतायत. म्हणजे महिना वाढवायचा नाही, गाळायचा!

आणि याचा नियम आपल्या पंचांगात तयार आहे. ज्या चांद्रमासात एकही संक्रांत (म्हणजे सूर्याचं नव्या राशीत जाणं) नाही तो अधिक, ज्यात दोन संक्रांती तो क्षय. आपल्याकडे क्षयमास फार दुर्मीळ, शेवटचा १९८२-८३ मध्ये आला होता. माझ्याकडे राशीचा काळ ३७४.२ भागिले १२ म्हणजे ३१.१८ दिवस, महिना त्याहून किंचित मोठा, त्यामुळे अधिक महिना कधीच येत नाही आणि क्षय ठरल्या वेळी येतो, बारा वर्षांनी. १२ वर्षांचे दिवस ४४९०.४ आणि १४३ महिन्यांचे ४४९०.२. हे आकडे मी आधीच ठरवून टाकले होते, जुळवून घेतलेले नाहीत, त्यामुळे शीटमध्ये ते शेजारी शेजारी दिसले तेव्हा उठून घरात दोन चकरा मारल्या.

नाव बुडीत महिना. क्षय शब्द पोथीतला वाटत होता, आणि ही माणसं व्यापारी, त्यांना आधी सुचणार खातं. बुडीत महिन्याचं व्याज द्यायचं का? महिना आलाच नाही, पण दिवस तर गेलेत. त्या महिन्यात जन्मलेल्या मुलाचा वाढदिवस कधी? गडी महिन्यावर ठेवला असेल तर त्या वर्षी अकराच पगार? एकेका प्रश्नावर एकेक गोष्ट उभी राहते, सगळं वहीत उतरवून ठेवलंय.

आता यातला सगळ्यात आवडलेला भाग. नियम दोन तऱ्हेने लावता येतो. माझ्या जगातल्या मोरबंदर या बंदराचे कारकून कोष्टकाने चालतात, दर १४३ महिन्यांनी (बारा वर्षांची १४४ नावं, त्यातलं एक गाळून), त्यामुळे त्यांचा बुडीत महिना कायम एकच. शिंपलकोट या दुसऱ्या बंदराचे जोशी आकाश बघून खऱ्या संक्रांती मोजतात, आणि तसं मोजलं की अंतर बहुतेक वेळा १४४ महिन्यांचं येतं, म्हणजे बुडीत महिना दर खेपेला एक नाव पुढे जातो. आजीच्या आयुष्यात बुडालेला महिना नातीच्या आयुष्यात साधा महिना असतो. सुरुवातीला दोन्ही बंदरांत एकच महिना नावाचा फरक पडतो, पण सहा खेपा झाल्या, म्हणजे बहात्तर वर्षं, की मधले सहा महिने दोन्हीकडे चालू महिन्याचं नावच वेगळं असतं. हुंडीवर मुदतीचा महिना लिहिलाय, पण कुणाचा? हे मी कुठून आणलं ते सांगायला नको, टिळक पंचांग आणि इतर पंचांगं यांच्यात सणाच्या तारखा कधीकधी महिन्याने वेगळ्या येतात ते आपण बघतोच.

धाकलीबद्दल. ती मी निव्वळ शोभेसाठी ठेवली होती, रात्री आकाश छान दिसावं म्हणून. पण भरतीचा जोर अंतराच्या घनाने बदलतो, आणि धाकली थोरलीपेक्षा सव्वादोन पट जवळ निघाली (फेरीच्या काळावरून केप्लरच्या नियमाने काढलं), त्यामुळे तिचं वजन थोरलीच्या विसाव्या हिश्शाएवढं धरलं तरी तिची भरती थोरलीच्या निम्म्याहून जास्त येते! म्हणजे कोळी तिला विसरूच शकत नाही. थोरलीचे पाच महिने १५७ दिवस, धाकलीच्या १८ फेऱ्या १५६.६ दिवस, म्हणून एकदा दोघींची अमावास्या एका दिवशी आली की पुढची तशी अमावास्या साधारण १५७ दिवसांनी, त्या दिवशी महाउधाण. दर खेपेला ०.४ दिवस सरकतं, त्यामुळे पाच-सहा खेपांनी जोर ओसरतो आणि नंतर परत चढतो.

आमच्या अलिबागकडे तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते, चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. घड्याळ न बघता सांगणारी माणसं मी पाहिलीत. तसा एक तोंडी हिशोब मला या दोन चंद्रांसाठी हवाय, बोटांच्या पेरांवर होणारा, आणि तो अजून जमलेला नाही. थोरलीपुरता जमतो, धाकली मध्ये आली की पेरं पुरत नाहीत.

एक सूचना, शीट करणाऱ्यांसाठी. महिन्याची लांबी दर महिन्याला गोल करू नका. मी ३१.४ चे ३१ करत गेलो आणि वर्षाला जवळपास पाच दिवस गायब. आधी महिन्याचा क्रमांक गुणिले ३१.४ करा, मग अपूर्णांक सोडा, म्हणजे ३१ आणि ३२ आपोआप हवे तसे पडतात.

पुढच्या वेळी धाकलीच्या फेऱ्यांवर भरणारा बाजार, दहा फेऱ्या म्हणजे ८७ दिवस, सात टप्पे नऊ दिवसांचे आणि तीन आठ दिवसांचे, ते कुठल्या क्रमाने लावायचे ते बघतोय. आणि उधाण (सगळ्यात मोठी भरती), भांग (सगळ्यात लहान भरती) यांच्या मधल्या पाण्याला तुमच्या गावात काही वेगळे शब्द असतील तर नक्की कळवा, मला सात-आठ तरी लागतील.