फोर्ट कोची-मट्टांचेरी: अर्ध्या दिवसात चर्च, सिनेगॉग, कोंकणी देऊळ आणि एक चिरूट ओढणारा देव

कोचीला जाणाऱ्या आपल्या मंडळींचं गणित ठरलेलं असतं, एअरपोर्टवरून थेट मुन्नार, मग अलेप्पीची हाऊसबोट, आणि परतीच्या आधी एक संध्याकाळ चायनीज नेट्ससमोर (मासेमारीची ती मोठी जाळी) फोटो काढले की झालं कोची. टूर कंपन्यांचे प्लॅनपण तसेच. आम्ही यावेळी मुन्नारला फाटा दिला (आईचे गुडघे आणि ते घाट यांचं जमत नाही) आणि एक अख्खी सकाळ फक्त फोर्ट कोची आणि मट्टांचेरीतली धर्मस्थळं बघायला ठेवली. बसच्या ग्रुपबरोबर नाही, स्वतःची रिक्षा करून. आई, काका आणि मी, मागच्या सीटवर तिघं चेपून.

आधी वार कुठला घ्यायचा ते सांगते कारण सगळं त्याच्यावर आहे. शुक्रवारी मट्टांचेरी पॅलेस बंद. शनिवारी सिनेगॉग (ज्यूंचं प्रार्थनास्थळ) बंद, शुक्रवारी दुपारनंतर पण त्याचा भरवसा धरू नका, आणि ज्यू सणांना पण बंद असतं. रविवारी सकाळी चर्चमध्ये प्रार्थना चालू असतात, तेव्हा कॅमेरे घेऊन मधे मधे करणं बरं दिसत नाही. म्हणजे उरले सोमवार ते गुरुवार. आणि सकाळीच निघा, कारण दुपारी देवळं बंद होतात, सिनेगॉगही एकच्या सुमाराला जेवायच्या सुट्टीसाठी बंद होतं, आणि ऊन तर विचारू नका, घामाने कपडे अंगाला चिकटतात. नोव्हेंबर ते फेब्रुवारी त्यातल्या त्यात बरं, पण बिएनालेचं (कोचीतलं मोठं कलाप्रदर्शन) वर्ष असेल तर डिसेंबरपासून पुढे खोल्या महाग.

रिक्षा होमस्टेवाल्यांनीच ठरवून दिली. चालवणारे चेट्टन (मल्याळममध्ये दादा) साठीचे, मट्टांचेरीतच वाढलेले, हिंदी चांगलं बोलत होते. तिथल्या रिक्षांचा एक प्रकार माहीत असू द्या, भाडं फारच कमी सांगितलं तर समजायचं की मधे दोन-तीन मसाल्याच्या आणि हँडिक्राफ्टच्या दुकानांत नेणार, तिथे तुम्ही काही घ्या न घ्या, नेल्याबद्दल त्यांना कमिशन मिळतं. तो धंदा आहे, मी नावं ठेवत नाही, पण आपला तास-दीड तास त्यात जातो. म्हणून निघायच्या आधीच तास, रक्कम आणि "दुकान नको" हे तिन्ही बोलून घ्या. दुकानं नकोत तर भाडं थोडं जास्त द्यावं लागतं, ते द्या.

सुरुवात सेंट फ्रान्सिस चर्चपासून. १५०३ ची जागा, आधी लाकडी होतं, नंतर दगड-चुन्यात बांधलं. वास्को द गामा १५२४ साली नाताळच्या आदल्या दिवशी कोचीत वारला, त्याला इथेच पुरलं होतं, पुढे काही वर्षांनी अवशेष पोर्तुगालला नेले. म्हणजे आता जी कबर सगळे वाकून वाकून बघतात ती रिकामी आहे. मला जास्त आवडले ते वरचे कापडी पंखे, दोरी बाहेर जाते आणि बाहेर बसून कोणीतरी ती ओढायची. पोर्तुगीजांचं कॅथलिक चर्च, मग १६६३ नंतर डचांचं प्रोटेस्टंट, मग इंग्रजांचं अँग्लिकन, आता सी.एस.आय.चं (चर्च ऑफ साउथ इंडिया). पंधरा मिनिटं पुरतात.

तिथून सांताक्रूझ बॅसिलिका अगदी जवळ. पोर्तुगीजांचं मूळचं इंग्रजांनी १७९५ मध्ये पाडलं, त्यातला एक दगडी खांब आवारात ठेवलाय, तो दाखवायला सांगा नाहीतर कोणी दाखवत नाही. आताचं १९०५ चं. आतली चित्रं मंगळूरचं सेंट अलॉयशियस चॅपल रंगवणाऱ्या आंतोनियो मोस्केनीची. छत रंगीबेरंगी आहे, काका मान वर करून इतका वेळ उभे राहिले की शेवटी आईने हाताला धरून आणलं.

इथपर्यंत सगळे टुरिस्ट येतात. पुढचं मात्र बहुतेकांच्या लिस्टमध्ये नसतं आणि मला विचाराल तर कोचीला जायचं ते यासाठीच.

मट्टांचेरीत चेरळाई म्हणून भाग आहे, तिथे गौड सारस्वतांचं मोठं देऊळ, कोचीन तिरुमला देवस्वम, देव व्यंकटेश. सोळाव्या शतकात गोव्यात बाटवाबाटवी आणि नंतर इन्क्विझिशन (चर्चची धर्मचौकशी) सुरू झाल्यावर जे लोक देव घेऊन, पोरंबाळं घेऊन दक्षिणेकडे निघाले त्यातले बरेच इथे राहिले, कोचीच्या राजाने जागा दिली. पुढे अठराव्या शतकाच्या शेवटी राजाशी बिनसलं तेव्हा मूर्ती अलेप्पीला हलवली होती, ती पुष्कळ वर्षांनी परत आली. आम्ही गेलो तेव्हा पूजा चालू होती, गर्दी चांगली होती आणि त्यात टुरिस्ट आम्हीच. केरळात बऱ्याच देवळांत पुरुषांनी शर्ट काढून जायचं असतं हे काकांना आधीच सांगून ठेवलेलं, तरी ते "थांब गं, बनियन चालेल का विचार" करत होते. नाही चालत. तेव्हा पुरुषांनी बटणांचा शर्ट घाला, टीशर्ट डोक्यातून ओढत बसावा लागतो, आणि लुंगी किंवा मुंडू जवळ असेल तर उत्तम. बायकांना साडी किंवा पूर्ण बाह्यांचा सलवार-कमीज.

प्रदक्षिणा झाल्यावर आई ओट्यावर टेकली आणि शेजारच्या आजींशी बोलायला लागली. आमच्या आईचं माहेर कुडाळचं, त्यामुळे मालवणी तोंडात असतेच, त्या आजींची कोंकणी मल्याळी हेलाची, पण दोघींचं अडलं नाही. कुठल्या गावच्या, कुलदैवत कुठलं, नारळ कितीला झालाय, सगळं झालं. आजींनी सांगितलं आमचं मूळ गोंयचं, पण त्यांच्या घरातलं आजवर कोणी गोव्याला गेलेलंच नाही. आईने लगेच आमंत्रण देऊन टाकलं, आधी कुडाळला उतरा मग गोव्याला जा!

या समाजाची आणखी एक गोष्ट मला आधी वाचून माहीत होती. डच गव्हर्नर वान ऱ्हीडने मलबारच्या झाडपाल्याचा जो प्रचंड ग्रंथ करवून घेतला, होर्तुस मलाबारिकुस, बारा खंडांचा, त्यात इट्टी अच्युतन या स्थानिक वैद्याबरोबर रंग भट, विनायक पंडित आणि अप्पू भट असे तीन कोंकणी वैद्य होते. त्यांचं प्रशस्तिपत्र १६७८ ला अॅमस्टरडॅममध्ये छापलेल्या पहिल्या खंडात आहे, कोंकणी भाषेत आणि आपल्या नागरी अक्षरांत. म्हणजे आपल्याकडे छापखान्यात देवनागरी पुस्तकं निघायच्या खूप आधी. चेट्टनना हे सांगितलं तर म्हणाले, टुरिस्ट मला शिकवणार असेल तर भाडं कमी करतो. केलं नाही अर्थात.

मग ज्यू टाऊन. परदेसी सिनेगॉग १५६८ चं, पोर्तुगीजांनी मोडतोड केली, डच आल्यावर दुरुस्त झालं, घड्याळाचा मनोरा १७६० चा. पायातले चप्पल-बूट बाहेर, बॅग बाहेर, आत फोटो नाही, शॉर्ट्स आणि स्लीव्हलेसला आत घेत नाहीत. तिकीट अगदी मामुली, पण सुटे पैसे ठेवा. खाली बघा, चीनहून आणलेल्या निळ्या-पांढऱ्या हाताने रंगवलेल्या फरशा, एकीसारखी दुसरी नाही म्हणतात, आई दोन फरशा सारख्या सापडतात का ते शोधत फिरत होती. वर बेल्जियमची झुंबरं. अंगणाच्या भिंतीत एक दगड बसवलाय तो चुकवू नका, तो कोचंगाडीच्या १३४४ च्या जुन्या सिनेगॉगमधला, म्हणजे ही इमारत व्हायच्या दोनशेहून जास्त वर्षं आधीचा.

गाइड लोक सांगतात की इथे सगळे धर्म कसे गुण्यागोविंदाने राहिले. राजाच्या देवळाची आणि सिनेगॉगची भिंत एकमेकांना लागून आहे हे खरंच आहे, ज्यूंना राजाने स्वतःच्या वाड्याशेजारी जागा दिली हेही खरं. पण आतल्या आत काय चालायचं ते कोणी बोलत नाही. परदेसी म्हणजे स्पेन वगैरेकडून नंतर आलेले गोरे ज्यू, ते आधीपासून इथे असलेल्या मलबारी ज्यूंना बरोबरीचं मानत नसत, आणि ज्यांचे पूर्वज गुलाम होते त्यांना तर या सिनेगॉगमध्ये नीट बसायचाही हक्क नव्हता. ए. बी. सेलम नावाच्या वकिलांनी त्याच्याविरुद्ध इथेच सत्याग्रह केला, ज्यू गांधी म्हणायचे त्यांना. मी विचारलं तेव्हाच चेट्टन यावर बोलले, आणि मग भरपूर बोलले. तेव्हा विचारा.

आपल्या अलिबाग-रेवदंड्याच्या बेने इस्रायलींशी, म्हणजे मराठी ज्यूंशी, पण याचा संबंध आहे, कोचीनचे ज्यू एकोणिसाव्या शतकात मुंबईत आणि कोकणात येऊन त्यांना धर्माचे पाठ शिकवायचे. आता मात्र इथले जवळजवळ सगळे इस्रायलला गेले, परदेसी ज्यू तर आता जवळजवळ उरलेच नाहीत, प्रार्थनेला दहा पुरुष लागतात ते जमत नाहीत. गल्लीत दुकानंच दुकानं. दिवसभर टुरिस्टांची रांग लागते आणि प्रार्थनेला माणूस नाही. चेरळाईच्या देवळात बरोब्बर याच्या उलट. म्हणून माझं मत असं की लोक सिनेगॉगच्या गल्लीत दोन तास घालवतात आणि देवळाकडे फिरकत नाहीत, ते उलटं करा, सिनेगॉगला पाऊण तास खूप झाला.

पॅलेस लगेच शेजारी, पोर्तुगीजांनी बांधून राजाला भेट दिलेला, डचांनी डागडुजी केली म्हणून डच पॅलेस म्हणतात. रामायणाची भित्तिचित्रं बघण्यासारखी आहेत, फोटो नाही. जिना चढावा लागतो, आई खालीच थांबली.

बाराच्या सुमाराला गुजराती रोडवरच्या धर्मनाथ जैन मंदिरात पोचा. तिथे कबुतरांना दाणे टाकतात. आईला भारी आवडलं, मला कबुतरांचं मुंबईत इतकं झालंय की मी लांबूनच बघितलं. रस्ता मात्र मजेदार, पाट्या मल्याळममध्ये आणि दुकानात गुजराती. जेवायला काका कायीजमध्ये बिर्याणीला गेले (दुपारी उशिरा गेलात तर संपते), आम्ही दोघी शाकाहारी थाळीला. आईला मीन करी (माशाचं कालवण) नको होती आणि मला आईला एकटं सोडायचं नव्हतं.

जेवणानंतर चेम्बिट्टा मशीद, तांब्याच्या पत्र्याचं उतरतं छप्पर, घुमट नाही मिनार नाही, नुसती बघून कोणी सांगणार नाही की मशीद आहे. बायकांना आत जाता येईलच असं नाही, आम्ही बाहेरूनच बघितली, आणि शुक्रवारी दुपारी तिकडे गाडी नेऊच नका. वाटेत कूनन कुरिशूचं चर्च, १६५३ ला सीरियन ख्रिश्चनांनी इथे क्रूसाला दोर बांधून ते धरून शपथ घेतली की पोर्तुगीज पाद्र्यांचं ऐकणार नाही. आत फारसं काही नाही, पाच मिनिटं.

आणि शेवटी कापिरी मुथप्पन. याला देऊळ वगैरे नाही, मंगाट्टुमुक्कूला भिंतीपाशी एक छोटीशी जागा, मेणबत्त्या लावलेल्या. पोर्तुगीजांनी आफ्रिकेतून आणलेले गुलाम होते, १६६३ ला डच आले तेव्हा पळून जाताना पोर्तुगीजांनी खजिना पुरला आणि राखणीला गुलामांना मारून त्याच्याबरोबर पुरलं अशी दंतकथा. त्यांचा हा देव झाला. नैवेद्य काय तर चिरूट, ताडी, उकडलेली अंडी, मटण. हिंदू येतात, ख्रिश्चन येतात, मुसलमान पण येतात, कोणी विचारत नाही. चेट्टन स्वतः रिक्षा थांबवून हात जोडून आले, बाकी कुठल्याच ठिकाणी त्यांनी असं केलं नव्हतं! काकांनी विचारलं नवस बोलता का, तर म्हणाले, रिक्षाचं कर्ज फेडलं तेव्हा चिरुटांचं अख्खं पाकीट दिलं. बऱ्याच रिक्षावाल्यांना ही जागा दाखवायची असते असं नाही, टूर ठरवतानाच नाव घेऊन सांगा.

इतर किरकोळ: पायातलं सारखं काढायचं असतं म्हणून लेसचे बूट नकोत, फरशी तापते म्हणून मोजे ठेवा. ज्येष्ठ मंडळी असतील तर पॅलेसचा जिना आणि रिक्षाचे धक्के सोडून त्रास नाही. मुंबईहून यायचं तर कोकण रेल्वेने मंगला किंवा नेत्रावती, एर्नाकुलमला उतरा. एर्नाकुलममध्ये राहणार असाल तर टॅक्सीत पैसे घालवू नका, हायकोर्ट जेट्टीवरून वॉटर मेट्रो फोर्ट कोचीला येते, एसी आहे पण शनिवार-रविवारी रांग मोठी. मेन जेट्टीवरून सरकारी बोट त्याहून स्वस्त, लाकडी बाकं आणि वारा, आईला तीच आवडली. परतीची शेवटची बोट किती वाजता ते मात्र सकाळी उतरतानाच खिडकीवर विचारून ठेवा, संध्याकाळी सगळे नेट्सपाशी सूर्यास्त बघून एकदमच जेट्टीवर येतात.