एका पत्रासाठी अडलेली स्ट्रॉबेरी

पत्रावर ‘न्हावा शेवा’ असं वाचलं आणि मी बँकेच्या पायरीवरच बसकण मारली. अकरा दिवस हेलपाटे घालून मिळालेलं निर्यातीचं पत्र होतं ते. न्हावा शेवा म्हणजे बोटीचं बंदर, आणि आमची स्ट्रॉबेरी विमानाने जायची होती. बोटीतून पाठवली असती तर दुबईला उतरेपर्यंत तिचा जॅम झाला असता, तोही बुरशी लागलेला.

आमचं शेत पाचगणीजवळ. घरची दीड एकर स्ट्रॉबेरी, शिवाय भावकीतल्या दोघांची. देशातली सुमारे ८५ टक्के स्ट्रॉबेरी आमच्या महाबळेश्वर-पाचगणी पट्ट्यात पिकते. २०१० साली तिला भौगोलिक मानांकन मिळालं, त्याचा फलक आता प्रत्येक स्टॉलवर दिसतो. पण हा माल जातो कुठे? वाशीचा घाऊक बाजार, पुणे, रस्त्याकडेचे स्टॉल, आणि उरलासुरला जॅम-क्रशच्या कारखान्यांना. ताजं फळ देशाबाहेर जातं ते नावापुरतंच. उलट मदर प्लांट, म्हणजे ज्यांच्यापासून रोपं करायची ती मूळ झाडं, येतात थेट कॅलिफोर्नियाहून, विमानाने. पावसाळ्यात नर्सरीत त्यांचे रनर, म्हणजे जमिनीवर पसरणारे फुटवे, वाढवायचे आणि सप्टेंबर-ऑक्टोबरात गादीवाफ्यावर लावायचे. आबा, म्हणजे माझे सासरे, म्हणतात, "आय विमानातनं येती आन् पोरं वाशीच्या म्होरं जाईनात."

त्या बोलण्यामुळे म्हणा किंवा माझ्या हौसेने म्हणा, २०२३ च्या हंगामात मी ठरवलं की निदान एक खेप बाहेर पाठवायचीच. दिरांच्या ओळखीने दुबईतला एक फळांचा व्यापारी मिळाला. पहिल्यांदा फक्त २४० किलो, माल आवडला तर पुढे बघू, असं ठरलं.

आयात-निर्यात कोड, ज्याला सगळे आयईसी म्हणतात, तो एका संध्याकाळी घरबसल्या निघाला. फी ५०० रुपये. अपेडा, म्हणजे शेतमालाची निर्यात बघणारी सरकारी संस्था, तिची नोंदणीही ऑनलाइन झाली. ५,००० रुपये आणि वर जीएसटी, ती पाच वर्षं चालते. ताज्या फळावर जीएसटी नाही, तरी आमच्या सीएचएने, म्हणजे कस्टमचं काम बघणाऱ्या एजंटने, एलयूटी, म्हणजे कर न भरता निर्यात करायचं हमीपत्र, भरायला लावलं. तेही झालं. आठवड्याभरात एवढं उरकलं म्हणून मी घरात जरा मिरवूनही घेतलं. तेवढ्यात सीएचएचा फोन आला. "ताई, एडी कोड रजिस्टर झाला का?"

मी विचारलं, "तो काय असतो?"

परकीय चलनाचे व्यवहार करायला ज्या बँकेला परवानगी आहे, तिचा हा क्रमांक. माल बाहेर गेल्यावर पैसे कोणत्या बँकेत येणार, हे कस्टमला आधी कळायला लागतं. त्यासाठी बँकेने स्वतःच्या लेटरहेडवर एक पत्र द्यायचं. त्यात खातं कोणाच्या नावावर, खाते क्रमांक, आयईसी, एडी कोड आणि ज्या बंदरातून किंवा विमानतळावरून माल जाणार त्याचं नाव असतं. खाली अधिकाऱ्याची सही आणि शिक्का. हे पत्र कस्टमच्या आइसगेट पोर्टलवर चढवायचं आणि तिथल्या अधिकाऱ्याने मंजूर केलं की मग शिपिंग बिल, म्हणजे माल बाहेर न्यायचा कस्टमचा कागद, निघतं. एका पानाचं काम. मला वाटलं, उद्या दुपारपर्यंत हातात येईल.

आमचं खातं तालुक्याच्या गावातल्या शाखेत. काउंटरवरचा मुलगा भला होता. "मॅडम, आयएफएससी पासबुकावरच असतो," म्हणाला. मी म्हटलं, आयएफएससी नको, एडी. त्याने आतल्या साहेबांना विचारलं. साहेबांनी पीककर्जाच्या फायलीतून मान वर काढून सांगितलं की आपल्या शाखेत फॉरेनचं काम होत नाही. मग कुठे होतं? जिल्ह्याच्या शाखेत विचारा. तिथे गेले तर ते म्हणाले, आमच्याकडे होतं, पण तुमचं खातं आमच्याकडे नाही, तुमच्या शाखेने आम्हाला लिहून द्यायला हवं. परत घरच्या शाखेत. साहेब रजेवर.

मी चिडते, पण चटकन रडत नाही. चौथ्या दिवशी साहेब आले. त्यांनी मेल केला, पण माझ्यासमोर नाही, "दुपारी करतो" म्हणून. दुपार गेली, दुसरा दिवस गेला. जिल्ह्याच्या शाखेत विचारलं तर मेल आलेला नव्हता. तिसऱ्या दिवशी मी सरळ त्यांच्या टेबलाशेजारी खुर्ची ओढून बसले आणि म्हटलं, "साहेब, तुम्ही आत्ता पाठवा, मी इथेच बसते." पाच मिनिटांत गेला. म्हणून माझा पहिला सल्ला हाच: बँकेत ‘करतो’ या शब्दावर घरी यायचं नाही.

मेल पोचल्यावर नवं निघालं. खातं आमच्या फर्मच्या नावाचं, आणि आयईसीवर फर्मच्या नावात एक अक्षर जास्त. मी अर्ज भरताना हौसेने ‘फार्म्स’ असं अनेकवचन टाकलं होतं, खात्यावर नुसतं ‘फार्म’. एका ‘स’साठी आयईसीत दुरुस्ती. ही चूक माझीच, बँकेला बोल लावत नाही. पॅन, खातं, आयईसी, अपेडा, सगळीकडे नाव अक्षरन् अक्षर सारखं हवं, स्पेससुद्धा. हे खरं तर अगदी सुरुवातीला सांगायला हवं होतं.

आणि मग ते पत्र आलं, न्हावा शेवाचं.

कसं झालं ते नंतर कळलं. त्या शाखेत आधी एकाच निर्यातदाराचं पत्र निघालं होतं, बेदाणेवाल्याचं. बेदाणा कंटेनरमधून बोटीने जातो. बँकेने त्याच पत्रात नाव आणि खाते क्रमांक बदलले, बाकी मजकूर जसाच्या तसा. वनस्पतिशास्त्रात म्हणे द्राक्ष ही खरी बेरी आणि स्ट्रॉबेरी बेरीच नाही. पत्र लिहिणाऱ्याने तेच मनावर घेतलं असावं. मुंबई विमानतळाच्या कार्गोचा कोड आयएनबीओएम४, न्हावा शेवाचा आयएनएनएसए१. सीएचएने पत्राचा फोटो बघितला आणि म्हणाला, "चालणार नाही ताई. मी चढवलं तरी परत येईल."

मी परत आत गेले. अधिकारी बाई म्हणाल्या, "मुंबईच आहे की दोन्ही." मी म्हटलं, "मॅडम, एक समुद्रात आहे आणि एक सहारला." त्या हसल्या, मीही हसले, पण नवं पत्र काही लगेच मिळालं नाही. सही करणारे साहेब ऑडिटमध्ये होते.

इकडे शेतात पहिला बहर फुल जोरात. पहिल्या बहराचं फळ सगळ्यात मोठं असतं, बाहेर पाठवायला तेच हवं. लांबच्या बाजाराला फळ पाऊण रंगावर तोडतात. तोडल्यावर रंग थोडा चढतो, पण गोडी वाढत नाही, स्ट्रॉबेरी काही आंब्यासारखी अढीत पिकत नाही. त्यामुळे रोपावर थांबवावी तर मऊ पडते आणि तोडून ठेवावी तर जागा नाही. दर दोन दिवसांनी तोडणी व्हायची आणि निर्यातीसाठी मनात राखून ठेवलेला माल वाशीला जायचा. त्यात दुबईहून मेसेज: "सिस्टर, इजिप्तचा माल आला आहे, भाव पडतोय." तेव्हा मला पहिल्यांदा कळलं की हिवाळ्यात आखातात स्ट्रॉबेरी म्हणजे इजिप्तची. त्यांचा हंगाम आणि आमचा हंगाम एकच. गोठवलेल्या स्ट्रॉबेरीच्या निर्यातीत तर इजिप्त जगात पहिला आहे. आमची स्पर्धा वाई-भिलारच्या शेतकऱ्यांशी आहे असं मी समजत होते, आणि खरे स्पर्धक नाईलच्या काठी बसलेले.

एकदा मालाबरोबर मीही वाशीला गेले, नुसती घरात बसवेना म्हणून. आमच्या क्रेटशेजारी पेरूच्या ब्लूबेरीचे डबे होते. खायचा पेरू नव्हे, देश. १२५ ग्रॅमचा डबा, बाहेरून थंडाव्याचा घाम आलेला, आत एकही दाणा चेपलेला नाही. एवढे समुद्र ओलांडून ते फळ वाशीत उभं, आणि आमचं पाचगणीतून निघेना. त्याच हंगामात अमेरिकेशी झालेल्या समझोत्यानंतर ब्लूबेरीवरचं आयात शुल्क ३० टक्क्यांवरून १० वर आलं. म्हणजे आत येणाऱ्याचा दरवाजा रुंद होत होता. परत येताना गाडीत मी कोणाशी बोलले नाही.

एकोणिसाव्या दिवशी बरोबर पत्र मिळालं. या वेळी मीच घरून मजकूर टाइप करून नेला, पेनड्राइव्हमध्ये. त्यांनी फक्त लेटरहेडवर छापायचं. दुसरा सल्ला हा: नमुना सीएचएकडून आधी घ्या आणि बँकेला तयार मजकूर द्या. त्यांनाही तेच हवं असतं.

पोर्टलवर चढवायला डिजिटल सही लागते, क्लास ३ ची. ती माझ्याकडे होती, पण त्याचा डोंगल घरच्या जुन्या कॉम्प्युटरला ओळख देईना. शेवटी एकविसाव्या दिवशी पुतण्याच्या लॅपटॉपवर रात्री साडेअकराला ते काम झालं. दोन दिवसांनी मंजुरी आली. इथे कस्टमबद्दल मला काहीच तक्रार नाही. तेवीस दिवसांतले दोन त्यांचे, एकवीस आमचे.

पुढचं भराभर झालं. पहाटे साडेपाचला तोडणी सुरू, अंगावर स्वेटर, हातात बॅटरी. फळाला बोट लावायचं नाही, देठ नखाने खुडायचा आणि थोडा देठ फळालाच ठेवायचा. तोडणीच्या बायकांना मी आदल्या दिवशी नखं बघून निवडलं, त्याची अजून चेष्टा चालते. २०० ग्रॅमच्या पनेटमध्ये, म्हणजे छोट्या डब्यात, एकाच आकाराची फळं, देठ खाली, टोक वर. एक जरी दुखावलेलं फळ गेलं तर शेजारच्या तीनांना बुरशी. १२०० पनेट भरून ते शीतगृहात ठेवले. तोडल्यापासून जितक्या लवकर गारवा, तितकं आयुष्य. मग रीफर, म्हणजे माल गार ठेवणाऱ्या गाडीतून पसरणी घाट उतरून मुंबई. रोगकीड नसल्याचा फायटोसॅनिटरी दाखला प्रत्येक खेपेला वेगळा लागतो. तिथल्या तपासणीसाने तीन खोकी उघडली, भिंगातून देठ बघितले, मातीचा कण नाही म्हणून खूश झाले. दाखल्यावर, इन्व्हॉइसवर आणि पॅकिंग लिस्टवर खोक्यांची संख्या एकच असू द्या. माझी होती, कारण तोवर मी प्रत्येक कागद चार वेळा वाचायला शिकले होते.

रात्रीच्या विमानाने माल गेला. दुसऱ्या दिवशी दुपारी फोटो आला: दुकानातल्या फ्रीजमध्ये आमचे पनेट, शेजारी इजिप्तचे. आबांनी चष्मा लावून फोटो बराच वेळ बघितला आणि विचारलं, "आपली कुठली?" मी दाखवली. "हां, लहान हाय पण रंग बरा हाय," म्हणाले. आठ पनेट खराब निघाले, त्याचे पैसे कापले.

नफ्याचं विचाराल तर विमानाचं भाडं, रीफर, एजंट, सगळं वजा जाता वाशीपेक्षा किलोमागे थोडंफारच जास्त सुटलं. पहिल्या बहरात पत्रासाठी जे थांबावं लागलं त्याचा हिशोब धरला तर तेही नाही. तरी त्या हंगामात अजून दोन खेपा पाठवल्या. पत्र एकदा मंजूर झालं की त्याच विमानतळासाठी पुन्हा काढावं लागत नाही, तेवढं बरं. आयईसीची माहिती मात्र दरवर्षी एप्रिल ते जूनमध्ये पोर्टलवर जाऊन पक्की करावी लागते, बदल नसला तरी. नाहीतर कोड बंद पडतो. हे मला कोणी सांगितलं नव्हतं.

परवा भिलारकडचा एक मुलगा घरी आला. रास्पबेरी लावली आहे म्हणाला, बाहेर पाठवायची आहे, बँकेत एडी कोडचं पत्र मागायला गेला होता. तिथल्या बाईंनी त्याला सांगितलं, "पाचगणीजवळ एक ताई आहेत, त्यांच्याकडून नमुना घेऊन या, म्हणजे आम्ही लगेच देतो."

मी पेनड्राइव्ह शोधून दिला. "बंदराचं नाव बदल बाबा," एवढं सांगितलं.